आक्काचं गप्प रान

झाडाला तहान लागली की ते आवाज करतं, हे जांभूळसड्यावरच्या लोकांनी पहिल्यांदा ऐकलं ते शाळेच्या व्हरांड्यात. झीनत मुजावर नावाची तरुण इंजिनिअर पुण्याहून आली होती. तिनं प्रोटिया या फुलझाडाची एक कुंडी टेबलावर ठेवली, खोडाला कपड्यांच्या चिमट्याएवढं यंत्र अडकवलं आणि स्पीकर सुरू केला. कुंडीला बरेच दिवस पाणी मिळालेलं नव्हतं. आधी नुसतीच खरखर आली. मग टक्. जरा वेळानं पुन्हा टक्, टक्, तापल्या तेलात मोहरीचा दाणा फुटावा तसं. झीनतनं कुंडीत पेलाभर पाणी ओतलं. आवाज हळूहळू विरळ होत गेला आणि थांबला.

अशा सभांना मागे उभं राहून टिंगल करणारा शिरीष थोरवडे पुढे येऊन कुंडीवर वाकला. "रडत होतं की काय हे?"

"रडत नव्हतं," झीनत म्हणाली, "तुटत होतं."

मग तिनं समजावून सांगितलं. झाडाच्या खोडात केसाहून बारीक नळ्या असतात. मुळापासून पानापर्यंत पाण्याचा एक सलग धागा त्या नळ्यांतून वर चढत असतो. तो वर ढकलणारा पंप कुठेच नसतो. ऊन आणि वारा पानांतलं पाणी उडवतात, आणि त्या ओढीनं खालचं पाणी वर येतं. जमीन सुकली की ओढ वाढते, धागा ताणला जातो आणि एका क्षणी तुटतो. नळीत हवेचा बुडबुडा शिरतो. त्या तुटण्याचाच तो आवाज. तो इतक्या वरच्या पट्टीतला असतो की माणसाच्या कानाला कळत नाही. यंत्र तो ऐकतं, खालच्या पट्टीत आणतं, मोजतं आणि त्या रानातल्या ठिबकचा व्हॉल्व्ह आपोआप उघडतं. कंपनीनं यंत्राचं नाव 'चातक' ठेवलं होतं.

झीनतला बोलावून आणलं होतं हर्षदानं. शिरीषची ती मोठी बहीण, आणि सड्यावरच्या पाणी सोसायटीची अध्यक्ष. खरं तर सड्यावर प्रोटियाही तिनंच आणला. पुण्यात रोपांच्या एका प्रयोगशाळेत ती बरीच वर्षं कामाला होती. लग्न मोडलं, नोकरीतही मन रमेना, तेव्हा ती गावी परतली. आक्कानं, म्हणजे वनितानं, त्या तिघांतल्या थोरल्या बहिणीनं, एक शब्द न विचारता मागची खोली झाडून तिचं अंथरूण घातलं होतं.

सडा म्हणजे डोंगरमाथ्यावरचा जांभ्याचा सपाट कातळ आणि त्यावरची लाल, निकस माती. नाचणीपलीकडे तिथं काही धड येत नसे. ती माती हातात घेऊन हर्षदाच्या लक्षात आलं की आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला उगवणाऱ्या या झाडाला नेमकी अशीच जमीन लागते: आंबट, उपाशी, पाणी न धरणारी. खतातलं स्फुरद, म्हणजे फॉस्फरस, प्रोटियाला विषासारखं बाधतं. त्याची मुळं पिंजलेल्या कापसाच्या बोळ्यासारखी असतात आणि मातीतला कणन् कण ओरपण्यासाठीच घडलेली असतात. त्या मुळांना एकदम भरपूर मिळालं तर झाड ते सोसू शकत नाही. त्याच्या मुलखातही पाऊस जून ते ऑगस्टमध्येच पडतो, पण तो थंडीतला पाऊस. आपल्याकडे पावसातही माती ऊबदार राहते, आणि ऊब आणि ओल एकत्र आली की ती मुळं सडतात. म्हणून हर्षदानं उतारावर खडी घालून उंच गादीवाफे केले. उन्हाळ्यात पाणी द्यायचं ते पहाटे, माती गार असताना, बुंध्याशी आणि सावकाश. पानाफुलांवर थेंब उडू द्यायचा नाही. एकदा दिलं की वरची माती पूर्ण सुकेपर्यंत पुन्हा द्यायचं नाही. ती पाण्याच्या बाबतीत इतकी हात राखून वागायची की लोक तिला हसायचे. मग तिसऱ्या हिवाळ्यात ताटाएवढं पहिलं फूल उमललं. गुलाबी पाकळ्यांच्या मधोमध रुपेरी लव. ते पाहायला शेजारच्या गावांतून लोक आले आणि हसणं थांबलं.

पुढच्या काही वर्षांत सड्यावर जिकडे तिकडे प्रोटिया झाला आणि सोसायटीच्या तलावाचं पाणी अपुरं पडू लागलं. भांडणं सुरू झाली. एका उन्हाळ्यात तलावाच्या पाणी सोडायच्या दारावर, बहिणींची पाळी सांभाळायला गेलेल्या शिरीषच्याच डोक्यात कुणीतरी कुदळीचा दांडा घातला. त्याला टाके पडले, आणि त्याच आठवड्यात हर्षदानं झीनतच्या कंपनीला फोन केला.

'ज्याचं झाड तहानलं, त्याला पाणी.' या नियमाला विरोध करणं कुणालाच जमलं नाही. रोज तलावातून किती पाणी सोडायचं ते ठरलेलं असायचं, आणि ते कुठल्या रानात जाईल हे चातक ठरवायचं. प्रत्येकाच्या फोनवर सड्याचा नकाशा दिसायचा. तहानलेलं रान लाल, तृप्त रान हिरवं. पहिली दोन वर्षं सड्यावर पाण्यावरून आवाज चढला नाही. जे लोक एकमेकांचं तोंड पाहत नव्हते ते एका टेम्पोत फुलं घालू लागले. हर्षदाला आयुष्यात आपलं एक काम पूर्णपणे बरोबर आल्यासारखं वाटत होतं.

थोरवड्यांचं रान वडिलांनी जाताना तिघांत वाटलं होतं. हर्षदाचं आणि आक्काचं रान आधीपासून लावलेलं होतं. शिरीष शेवटी आला. त्याआधी त्यानं कोंबड्या पाळून पाहिल्या, पर्यटकांसाठी तंबू लावून पाहिले, तालुक्याला दुकान टाकून पाहिलं. प्रत्येक वेळी त्यानं हौसेनं सुरुवात केली, प्रत्येक वेळी मदत मागितली आणि प्रत्येक वेळी ती त्याला मिळाली. मनानं तो वाईट नव्हता. मागताना त्याचा चेहराच असा व्हायचा की नाही म्हणणं जड जायचं. त्यानं प्रोटिया लावला आणि त्याच हंगामात चातक आलं. त्याची रोपं यंत्राच्या हाताखालीच वाढली, झपाट्यानं वाढली आणि वयाच्या मानानं सगळ्यांच्या आधी फुलली. तो पहाटे उठू लागला. वाफ्यांमधून चालताना शीळ घालू लागला.

आक्का अगदी उलट. आईवडिलांच्या आजारपणांत तिचं लग्नाचं वय निघून गेलं, आणि त्याबद्दलही ती कधी काही बोलली नाही. तिला काय हवं असं विचारलं तर "चालेल काहीही" हेच उत्तर यायचं, आणि मग सगळे आपल्याला हवं ते करायचे. तिच्या रानात मात्र तिचा दिवस जायचा. सुकलेली फुलं खुडायची, वाफ्यावरचं वाळलेलं गवत सारखं करायचं, मध खायला येणारे शिंजीर पक्षी बघत बांधावर बसायचं.

तिसऱ्या वर्षी मार्चमध्येच ऊन असं तापलं की दुपारी जांभ्यावरून अनवाणी चालवेना. गरम वारा रात्रीही थांबत नव्हता. नकाशावर सगळी रानं लाल झाली, पण सर्वांत आधी आणि सर्वांत गडद व्हायचं ते शिरीषचं. सकाळी ऊन वर यायच्या आत त्याची झाडं टकटक करू लागायची. हर्षदाच्या रानाला थोडंफार पाणी मिळत होतं. आक्काचं रान दुपारी लाल व्हायचं, तोवर दिवसाचं पाणी संपलेलं असायचं. उष्णतेची लाट ओसरता ओसरता ते रान हिरवं झालं आणि हिरवंच राहिलं.

हर्षदाला त्याचं कौतुक वाटलं. तिनं तो हिरवा तुकडा फोनवर आक्काला दाखवला आणि म्हणाली की सगळ्या सड्यावर तुझीच झाडं सुखात आहेत. आक्कानं चष्मा वर करून नीट पाहिलं आणि म्हणाली, "असतील."

त्यानंतर काही दिवसांनी हर्षदा पहाटे लवकर उठली तर आक्का घरात नव्हती. मागच्या दारातून पायवाटेवर पाणी सांडल्याचे डाग दिसत होते. त्यांच्या मागोमाग ती आक्काच्या रानात पोचली. आक्का एका हातात बादली आणि दुसऱ्या हातात तांब्या घेऊन एकेका बुंध्याशी वाकत होती. ते धुण्याचं, भांडी विसळल्याचं आणि स्वतःच्या आंघोळीचं पाणी होतं. तिच्या खांद्यावरचा पदर भिजला होता.

"हे काय चाललंय?" हर्षदानं विचारलं.

आक्का चोरी पकडल्यासारखी उभी राहिली. "पानं वेगळी दिसतात म्हणून."

"मग मला सांगायचं नाही?"

"काय सांगू? यंत्र म्हणतंय, त्यांना नकोय. तू म्हणालीस, सुखात आहेत. मग मी कशी म्हणू, त्यांना हवंय म्हणून?"

हर्षदानं एका झाडाचं पान चिमटीत धरलं. प्रोटियाचं पान चामड्यासारखं घट्ट असतं. हे पानही घट्टच होतं, पण त्याचा तजेला गेला होता आणि राखेसारखा रंग चढला होता. दुरून ते हिरवंच दिसत होतं. तिनं ते वाकवलं. पान मोडलं, आणि मोडताना कागदासारखा आवाज झाला. ती पुढच्या झाडापाशी गेली, मग त्याच्या पुढच्या. बुंध्याला चातकचे चिमटे नीट लावलेले होते आणि त्यांचे छोटे हिरवे दिवे शांतपणे चमकत होते.

तिनं तिथूनच झीनतला फोन केला. दुपारपर्यंत झीनत सड्यावर आली. तिनं आधी यंत्रं तपासली. सगळी धड होती. मग तिनं घरातून दोन पेले मागून घेतले, त्यांत पाणी आणि निळी शाई घातली. एका पेल्यात शिरीषच्या झाडाची ताजी डहाळी आणि दुसऱ्यात आक्काच्या झाडाची डहाळी उभी केली आणि दोन्ही पेले ओट्यावर ठेवले. तिघी चहा घेत बसून राहिल्या. काही वेळानं झीनतनं दोन्ही डहाळ्या ब्लेडनं आडव्या कापत नेल्या. शिरीषच्या डहाळीत निळे ठिपके पार वरच्या पानापर्यंत पोचले होते. आक्काच्या डहाळीत रंग खालच्या टोकाशीच अडला होता. त्याच्या वर पांढरं, कोरडं लाकूड.

झीनतनं ब्लेड खाली ठेवलं.

"धागा तुटला की आवाज येतो," ती म्हणाली. "सगळे धागे तुटून झाले की तुटायला काही उरत नाही. मग आवाजही येत नाही. यंत्राला ते झाड आणि पाणी पिऊन गप्प बसलेलं झाड, दोन्ही सारखीच वाटतात."

आक्कानं हात जोडल्यासारखे मांडीवर धरले होते. तिनं विचारलं, "म्हणजे ती मेली?"

हर्षदानं उत्तर द्यायच्या आधी कुदळ घेतली. आक्काच्या रानात तिनं एका झाडाच्या बुंध्याशी माती हळूच बाजूला केली. किंग प्रोटियाला, म्हणजे सड्यावर लावलेल्या या जातीला, जमिनीखाली एक लाकडी गड्डा असतो. त्याच्या मुलखात वणवे लागतात, वरचं झाड जळून जातं आणि त्या गड्ड्यातून ते पुन्हा फुटतं. तिनं नखानं गड्ड्याची साल खरवडली. आत ओलसर पोपटी रंग होता. फांद्या गेल्या होत्या, गड्डा जिवंत होता. पण तो किती दिवस राहील हे सांगता येत नव्हतं. त्याला आता पाणी हवं होतं, आणि तेही रोज थोडं थोडं, गार वेळेला.

तशीच ती वर शिरीषच्या रानात गेली आणि तिथंही खणलं. हिरवीगार, टवटवीत झाडं, पण त्यांची मुळं पाण्याच्या नळीभोवती वरच्या वर गोळा झाली होती. वीतभर खाली गेल्यावर एकही मूळ सापडेना. आता तिला सगळं समजलं. पहिल्या टक् आवाजाला पाणी मिळत गेल्यामुळे या झाडांना खोल जायची गरजच पडली नव्हती. मुळं उथळ म्हणून ती लवकर तहानत होती, लवकर तहानत होती म्हणून त्यांना आधी पाणी मिळत होतं, आणि पाणी मिळत होतं म्हणून मुळं उथळच राहत होती. कुणी लबाडी केली नव्हती. यंत्रानं सांगितलेलं काम चोख केलं होतं. सड्यावर आक्कासारखी आणखी किती रानं हिरवी दिसत होती ते ती फोनवर मोजू लागली.

शिरीषला तिनं त्याच्या बांधावरच सांगितलं. तलावात उरलेलं पाणी पावसापर्यंत पुरवायचं तर गप्प झालेल्या रानांना आधी द्यावं लागेल, आणि त्याच्या रानाचं बरंचसं पाणी तोडावं लागेल. त्याची झाडं ते सोसतीलच असं नाही, हेही तिनं लपवलं नाही.

तो ऐकत राहिला. मग म्हणाला, "मी काय चोरलं का कुणाचं?"

"नाही."

"तूच म्हणालीस ना, यंत्रावर विश्वास ठेव? मी ठेवला. आता माझ्याच झाडांनी मरायचं?" त्याच्या कळ्या मुठीएवढ्या झाल्या होत्या. त्यांतली एक त्यानं नकळत हातात धरली होती. "आयुष्यात पहिल्यांदा माझं काहीतरी धड चाललंय, ताई. पहिल्यांदा."

अध्यक्ष म्हणून हर्षदा एका बटणानं चातक बंद करू शकत होती. त्या दुपारी तिनं फोनवर ते बटण कितीदा तरी काढलं आणि पुन्हा फोन ठेवून दिला.

संध्याकाळी तिघं आक्काच्या स्वयंपाकघरात जमली. शिरीष दाराशी पाठ टेकून बसला होता. त्यानं काही मागितलं नव्हतं, पण त्याचा तो चेहरा सगळ्यांना दिसत होता. आक्का भाकऱ्या थापत होती. हर्षदा काही बोलणार इतक्यात आक्काच म्हणाली, "राहू दे गं. त्याचं चालू दे. माझ्या झाडांचं झालं ते झालं. मला काय, चालेल."

हा विषय इथं संपला असता. या घरातले बहुतेक विषय याच शब्दावर संपत आले होते. हर्षदालाही क्षणभर हलकं वाटलं, आणि आपल्याला हलकं वाटलं हे जाणवून ती दचकली. तिला ती सकाळ आठवली, जेव्हा फोनवरचा हिरवा तुकडा दाखवून आपण मोठ्या कौतुकानं आक्काला 'सुखात आहेत' म्हणालो होतो.

"आक्का, शिरीषला काय हवंय ते मला माहीत आहे," ती म्हणाली. "तुला काय हवंय?"

"माझं काय घेऊन बसलीस."

"तेच विचारतेय. चालेल म्हणू नकोस. हवंय काय ते सांग."

आक्कानं भाकरी तव्यावर टाकली आणि ती उलटायची विसरली. करपल्याचा वास सुटला तरी तिचा हात हलेना. तिचा चेहरा लाल झाला होता. ती बोलली तेव्हा आवाज घोगरा आणि अनोळखी होता.

"मला माझी झाडं हवीत," ती म्हणाली. "मला पाणी हवंय. माझ्या वाटणीचं. मी सकाळी उठते ती त्यांच्यासाठी उठते. दुसरं काय आहे रे मला?"

शेवटचे शब्द ती शिरीषकडे बघून बोलली. शिरीषनं तिच्याकडे असं पाहिलं, जणू घरात कुणी नवं माणूस आलंय. तो उठला, पायात चपला सरकवल्या आणि निघून गेला. आक्का करपलेली भाकरी हातात धरून तशीच बसली. आपण काहीतरी भलतंच करून बसलो असं तिला वाटत होतं. हर्षदा तिच्याजवळ सरकली, पण तिला समजवायला गेली नाही.

सकाळी वरच्या रानातून कात्रीचा आवाज येत होता. हर्षदा धावत गेली. शिरीष आपल्या झाडांच्या कळ्या कापत होता, मुठीएवढ्या, फुलायला आलेल्या कळ्या, आणि त्यांच्याबरोबर फांद्यांची अर्धी पानं. पानं कमी झाली की झाडाची पाण्याची ओढ कमी होते, हे काल तिनंच त्याला सांगितलं होतं. वाफ्यांच्या वाटेवर कापलेल्या कळ्यांचा ढीग झाला होता. त्याचे डोळे सुजलेले होते.

"एवढी पानं कापली तर झाडं निम्म्या पाण्यावर तगतील का?" त्यानं विचारलं.

"काही तगतील."

"मग बघत काय उभी राहिलीस? दुसरी कात्री आण."

त्याच दिवशी सोसायटीची सभा झाली. ती सोपी गेली नाही. चातक बंद केलं तर पुन्हा कुदळी निघतील असं पुष्कळांना वाटत होतं, आणि ज्यांची रानं टवटवीत होती त्यांना काही बदलायचंच नव्हतं. तेव्हा झीनत उभी राहिली. तिनं सांगितलं की काही सेन्सर बिघडले होते असं म्हणून वेळ मारून ने, असा निरोप तिला कंपनीतल्या वरच्यांकडून आला होता. "सेन्सर चांगले होते," ती म्हणाली. "आवाज म्हणजे तहान आणि शांतता म्हणजे समाधान, हा नियम चुकीचा होता. तो नियम मी लिहिला." त्यानंतर पाहुण्यांच्या खुर्चीवर न बसता ती खाली सतरंजीवर जाऊन बसली. हर्षदानं आपलीही चूक सांगितली. मग तिनं सगळ्यांसमोर फोनवरचं ते बटण दाबलं.

पुढे ठरलं ते असं. यंत्र काढायचं नाही, त्याचं ऐकायचं, पण दार माणसानं उघडायचं. रोज सकाळी दोघांनी मिळून सगळी रानं फिरायची, पान हातात घेऊन पाहायचं, शंका आली तर डहाळी शाईत ठेवायची. दोघांतला एक असा घ्यायचा, की ज्याचं त्या दिवशी पाणी मागणं नाही. भांडणं झाली. एकदा प्रकरण हातघाईवर येता येता राहिलं. तरी पावसापर्यंत निभावलं.

आक्काची वाळलेली झाडं दोघी बहिणींनी जमिनीलगत कापली. गड्ड्यांवर खडी आणि वाळलेलं गवत पसरलं. माती गार असताना थोडं थोडं पाणी देत राहिल्या. पाऊस आला, आठवड्यामागून आठवडे कोसळला आणि गेला. सड्यावर रानफुलांचे गालिचे येऊन गेले तरी आक्काच्या रानात नुसती खुंटं दिसत होती. हर्षदानं मनाची तयारी केली होती. मग दसऱ्याच्या सुमारास एका खुंटाशेजारून माती फाटली आणि मखमलीसारखी लव असलेला तांबूस कोंब वर आला. त्यानंतर आणखी आले. सगळे नाही. रानाचा जवळजवळ तिसरा हिस्सा गेला तो गेलाच.

शिरीषचं नुकसान जास्त झालं. उन्हाळ्यात तगलेल्या झाडांपैकी बरीच त्या ऊबदार पावसात सडली, कारण उथळ मुळांना चिखलातून वाट सापडली नाही. हिवाळा लागला तेव्हा त्याच्या रानात मोजकी झाडं उभी होती. पण त्यांची मुळं खोल गेली होती. झीनत अधूनमधून येत होती. खोडातून पाणी खरोखर वर चढतंय की नाही हे मोजणारं नवं यंत्र ती आक्काच्या कोंबांवर तपासून पाहत होती, आणि प्रत्येक वेळी यंत्र लावायच्या आधी आक्काला विचारत होती, तुम्हाला कसं दिसतंय? सुरुवातीला आक्का लाजायची. नंतर ती सांगू लागली.

मार्गशीर्षातल्या एका सकाळी शिरीष घरी आला. आक्का ओसरीवर रोपांच्या पिशव्या भरत होती. तो तिच्या शेजारी बसला, पिशव्या भरू लागला, आणि जरा वेळानं मुद्द्यावर आला. त्याच्या रानाची जमीन आता वर्षभर तरी मोकळी ठेवावी लागणार होती, कारण मातीत सड राहिली होती. आक्काच्या रानाची खालची बाजू रिकामीच पडली होती. ती त्याला दिली तर तो यंदाच रोपं लावील, असं त्याचं म्हणणं होतं.

आत चहा टाकत असलेली हर्षदा थांबली. पुढचा शब्द कुठला असणार हे तिला माहीत होतं.

आक्कानं हातातली पिशवी पुरती भरली, माती दाबली, पिशवी रांगेत ठेवली.

"नाही," ती म्हणाली.

शिरीषनं हातातली पिशवी खाली ठेवली.

"तुला देणार नाही," आक्का म्हणाली. "मला लावायचीय ती. वाटलं तर माझ्याबरोबर लाव. निम्मी फुलं तुझी, निम्मी माझी. पाणी मी म्हणेन तेव्हाच."

दोघं पुन्हा पिशव्या भरू लागली. हर्षदानं दारातून डोकावून पाहिलं. तिला वाटलं होतं की शिरीष रुसून उठून जाईल, किंवा आक्का घाईघाईनं शब्द मागे घेईल. तसं काही झालं नाही. शिरीषनं हात झटकले, पिशव्यांच्या रांगेवरून नजर फिरवली आणि विचारलं, "खड्डे कधी घ्यायचे म्हणतेस?"

"आज," आक्का म्हणाली. "ऊन चढायच्या आत."

तो पहार आणायला गेला. आक्का उठली, पदर खोचला आणि त्याच्या मागून निघाली. दारात हर्षदा चहाचे कप घेऊन उभी होती. आक्कानं त्यातला एक उचलला, घोट घेतला आणि तिच्याकडे बघून म्हणाली, "साखर कमी आहे गं. मला गोड लागतो."